फुग्यात काय भरायचं? कुसुंब्यापासून पेंटापर्यंत



या पानावर नेहमी पेरणी, फवारणी, बाजारभाव असं लिहितो. आज जरा वेगळी नोंद आहे, पण ती आपल्या करडईच्या बांधावरूनच जाते, म्हणून शेवटपर्यंत वाचा.

परवा पुतण्याचा फोन आला. पुण्याला शिकायला असतो, अकरावीत आहे. म्हणाला, "तात्या, रंगपंचमीला गावाकडं येतोय. फुग्यात भरायला कुठला पेंट चांगला? लागला तरी काही होणार नाही असा." मी म्हटलं, बघून सांगतो. फोन ठेवला आणि बराच वेळ ओट्यावर बसून राहिलो. त्याचं कारण पुढं येईल.

पहिलं म्हणजे पेंट हा शब्दच मला खटकला. आमच्या लहानपणी रंग म्हणायचे, आणि तो पाण्यात कालवायचा असायचा. पेंट लावायचा तो दाराला नाहीतर बैलगाडीच्या चाकाला. पण पोरांचं तरी काय चुकलं? दुकानात जे मिळतं त्याच्याच नावानं ती विचारणार. मग मीच शोधायला बसलो की आपली माणसं आधी एकमेकांच्या अंगावर नेमकं काय टाकत होती, आणि कशातून टाकत होती.

आमच्या हायस्कुलातले एक निवृत्त सर आहेत, इतिहासाचे. त्यांच्याकडं गेलो. त्यांनी एक इंग्रजी पुस्तक काढलं. थॉमस ब्रॉटन नावाचा एक इंग्रज लष्करी अधिकारी 1809 साली दौलतराव शिंद्यांच्या छावणीत होता, रेसिडेंटाबरोबरच्या पलटणीचा म्हणून. छावणी तेव्हा राजपुतान्यात फिरत होती. त्यानं तिथून आपल्या भावाला पत्रं लिहिली आणि 1813 साली लंडनला त्याचं पुस्तक निघालं. त्यात शिंद्यांच्या छावणीतल्या होळीचं वर्णन आहे. सर वाचत गेले आणि मराठीत सांगत गेले. मी ऐकून थक्क झालो.

तो लिहितो की शिंगाड्याचं पीठ रक्तचंदनानं रंगवतात, त्याला अबीर म्हणतात. पळसाच्या फुलांचं नारिंगी पाणी अंगावर उडवतात. आणि पुढं जे आहे ते ऐका. हा अबीर कधीकधी कसल्यातरी चिकट रसाच्या अंड्याएवढ्या पोकळ गोळ्यांत भरतात आणि नेम धरून फेकतात. पण त्या गोळ्या फार हलक्या हातानं धराव्या लागतात, कारण जरा दाबलं की फुटतात.

म्हणजे फुगाच की हो! दोनशे वर्षांपूर्वीचा, मराठ्यांच्या छावणीतला. तेव्हा रबराचं नावही आपल्याकडं कुणी ऐकलं नसेल.

आणखी एक गोष्ट त्यानं नोंदवली आहे. अबीर चमकावा म्हणून त्यात अभ्रकाची पूड घालत, आणि ती डोळ्यात गेली की फार दुखायचं. चमक आणि भडकपणा हवा म्हणून काहीतरी मिसळायचं आणि मग डोळे चोळत बसायचं, हा उद्योग आजचा नाही तर.

जयपूरला अजून असलेच गोळे करतात. गुलाल गोटा म्हणतात त्याला. मणिहारांच्या रस्त्यावर लाखेच्या बांगड्या करणारी मुसलमान कारागीर घराणी आहेत, ती लाख तापवून नळीनं फुंकून तिचा पातळ पोकळ गोळा करतात, आत सुका गुलाल भरतात आणि तोंड बंद करतात. वजन काही ग्रॅम. अंगावर आपटला की पापडासारखा फुटतो, लागत नाही. आता ही लाख कुठून येते? लाखेचा किडा ज्या झाडांवर पोसतात त्यांत पळस आहे, बोर आहे, कुसुम आहे. म्हणजे रंग पळसाचा आणि तो भरायची कुपीही पळसावरच्या किड्याची. आपण मात्र बांध रुंद करताना जेसीबीनं पहिला पळस काढतो. माझ्या बांधावर पाच होते, आता दोन राहिले. काढलेले तीन मीच काढलेत, दुसऱ्याचं नाव घेणार नाही.

आमची आजी पळसाची फुलं सावलीत वाळवून ठेवायची आणि पंचमीच्या आदल्या रात्री तांब्याच्या पातेल्यात उकळायची. रंग गडद यावा म्हणून बोटाच्या पेराएवढा पानाचा चुना टाकायची. खरंच चुन्यानं पिवळ्याचा नारिंगी होतो. पण हे वाचून कुणी तसं करू नका. चुना डोळ्यात जाणं हे फार वाईट, आणि आजीच्या हाताचा अंदाज आपल्याला नाही. नुसत्या उकळीचं पाणीही पिवळं-केशरी होतंच.

तेव्हा धुळवडीला आमच्याकडं रंग नसायचा हेही सांगून ठेवतो. धुळवडीला राख, माती, शेण. रंग तो पंचमीलाच. आता सिनेमा आणि टीव्ही बघून धुळवडीलाच रंग उडायला लागलाय आणि पंचमीला पोरं शाळेत असतात.

आता करडईकडं येतो. आपण करडई म्हणतो ती तेलासाठी. ज्वारीत पट्टा टाकायचा, कडेनं चार ओळी लावायच्या म्हणजे काट्यांमुळं ढोरं आत शिरत नाहीत. पण हजारो वर्षं हे पीक जगभर लावलं गेलं ते मुख्यतः फुलाच्या पाकळीसाठी. इजिप्तमध्ये ममीला गुंडाळलेल्या कापडावर करडईचा रंग सापडलाय. आपल्याकडं हाच कुसुंबा. कुसुंबी शेला, कुसुंबी लुगडं हे शब्द आपण गाण्यात ऐकतो, पण तो कुसुंबा म्हणजे आपल्याच रानातली काटेरी करडई हे किती जणांना माहीत आहे? मला स्वतःला चाळिशीपर्यंत माहीत नव्हतं. कंपनी सरकारच्या काळात ढाक्याचा कुसुंबा सगळ्यात चांगला मानायचे आणि तो विलायतेला जायचा. इंग्रजांच्या कचेरीत कागदाचे गठ्ठे बांधायची ती लाल फीतही करडईच्या रंगाची असायची असं सांगतात. म्हणजे आज तलाठ्याकडं आपली फाईल जिच्यात अडकते ती लालफीत मुळात आपल्याच पाकळीची.

या पाकळीत दोन रंग असतात. एक पिवळा, तो भरपूर, पाकळीच्या वजनाच्या चौथाईच्या आसपास, आणि साध्या पाण्यात उतरतो. दुसरा लाल, तो शंभर भागांत अर्धा भागही जेमतेम, आणि साध्या पाण्यात उतरत नाही. रंगारी काय करायचे, तर पाकळ्या कापडात बांधून वाहत्या पाण्यात तुडवत राहायचे, पिवळा सगळा निघून जाईपर्यंत. तो पिवळा त्यांना नको असायचा, कारण कापडावर टिकत नाही, दोन धुण्यांत जातो. मग राहिलेल्या चोथ्यात सज्जीखार घालून लाल उतरवायचा आणि लिंबाच्या किंवा चिंचेच्या आंबटानं तो कापडावर बसवायचा. एवढ्या मेहनतीनं येणारा कुसुंबी रंगही उन्हात विटायचाच. म्हणून तर दरवर्षी नवा लागायचा आणि दरवर्षी करडई लावली जायची.

रंगाऱ्याचं दुखणं सगळं या टिकण्यात होतं. कापडाला पक्का रंग पाहिजे. आणि याच पक्क्या रंगाच्या मागं लागून पुढचा सगळा इतिहास घडला.

1856 साली लंडनमध्ये विल्यम पर्किन नावाचा अठरा वर्षांचा पोरगा हिवतापाचं औषध, क्विनाईन, बनवायला बसला होता. माल म्हणून वापरत होता दगडी कोळशाच्या डांबरापासून निघणारा पदार्थ. क्विनाईन राहिलं बाजूला, भांड्यात काळा गाळ आला आणि तो धुताना जांभळा रंग निघाला. रेशमावर चढवला तर धुऊन जाईना. तिथून डांबराच्या रंगांची रांग लागली. 1868-69 साली जर्मनांनी मंजिष्ठाच्या जातीतल्या मुळांत जो लाल असतो तोच कारखान्यात बनवला. आपल्याकडं माळव्यात आणि मध्य प्रांतात आल नावाचं झाड, आपण त्याला बारतोंडी म्हणतो, मुळांसाठी लावायचे, तीन-चार वर्षं वाढवून मग खणून काढायचे. तो धंदा बसला. 1897 साली जर्मन कंपनीची निळीची पूड बाजारात आली आणि नीळ बसली. चंपारणमध्ये वीस कठ्ठ्यांपैकी तीन कठ्ठे नीळ लावायची सक्ती होती हे आपण शाळेत शिकलो. पण पुढचं फार कुणी सांगत नाही. जर्मन पुडीमुळं निळीचा भाव पडला तेव्हा मळेवाल्या साहेबांनी शेतकऱ्याला नीळ सोडायला परवानगी दिली ती मोबदला घेऊन किंवा खंड वाढवून. पीक चाललं तेव्हाही शेतकरीच भरडला आणि पडलं तेव्हाही. 1917 साली गांधीजी तिथं गेले तेव्हाच्या तक्रारींत ही वाढही होती.

कुसुंबाही याच रांगेत गेला. कुणी मोर्चा काढला नाही, कुठल्या पुस्तकात धडा नाही. पाकळी खुडणं थांबलं आणि करडई नुसती तेलाची राहिली.

याच रांगेत 1877 साली एक हिरवा रंग निघाला. मॅलाकाइट नावाच्या हिरव्या दगडासारखा दिसतो म्हणून मॅलाकाइट ग्रीन, पण दगडाशी त्याचा काही संबंध नाही, डांबराचंच लेकरू. 1887 साली ऱ्होडामिन निघाला, भडक गुलाबी. हे कशासाठी काढले? रेशीम, लोकर, कातडं, कागद रंगवायला. हेच पुढं पंचमीच्या पुड्यांतही आले, कारण चिमूटभर पुडीत बादली रंगते आणि स्वस्त पडतं. मॅलाकाइट ग्रीननं बुबुळाच्या वरच्या पापुद्र्याला इजा होते हे डोळ्यांच्या डॉक्टरांनी नोंदवलेलं आहे.

आता विचार करा. रंगाऱ्याला पाहिजे तो न जाणारा रंग. पंचमीला पाहिजे तो संध्याकाळी आंघोळीत जाणारा. दोघांची गरज अगदी उलटी, आणि आपण शंभर-सव्वाशे वर्षं एकाचा माल दुसऱ्याला वापरतोय. पोरं वर बढाई मारतात, "असला रंग लावला, आठ दिवस गेला नाही."

मीही मारायचो. आता ते सांगतो.

मी नववीत होतो, म्हणजे 1985 च्या आसपासची गोष्ट. आमचा एक चुलतभाऊ सोलापुरात सूत रंगवायच्या एका कारखान्यात कामाला होता. पंचमीला गावी येताना त्यानं प्लास्टिकच्या कॅनमधून रंगाचं पाणी आणलं. "पक्का हाय, कापडाचा." सूत रंगवताना काही रंग उतरायला कॉस्टिक सोडा लागतो, हे मला आज माहीत आहे. त्या वेळी कॅनला हात लावला तर बोटं बुळबुळीत लागली, एवढंच कळलं. मी तो रंग फुग्यात भरला. फुगे तेव्हा नवीनच गावात यायला लागले होते, जत्रेतले. पितळी पिचकारीपेक्षा भारी वाटायचे. धाकटा भाऊ, पाचवीत होता, वाड्याच्या दारातून बाहेर आला आणि मी पाच-सहा पावलांवरून मारला. तोंडावर बसला.

तो ओरडला आणि डोळा चोळायला लागला. चुलतीनं डोळ्यात तूप घातलं. कुणीतरी म्हणालं दूध घाला. पाणी कुणी मारलंच नाही, आणि मारायला पाहिजे होतं तेवढंच. एसटीची वाट बघून तालुक्याला पोचायला संध्याकाळ झाली. डाव्या डोळ्यात फूल पडलं ते कायमचं. पुढं तो पोलीस भरतीला गेला. धावण्यात पहिला, छातीत बसला, डोळ्यावर बाद झाला. आता आम्ही दोघं एकत्रच शेती करतो. त्या दिवसाबद्दल तो मला आजवर एक शब्द बोललेला नाही.

फोन करणारा पुतण्या म्हणजे त्याचाच मुलगा. वडिलांच्या डोळ्यात लहानपणी रंग गेला एवढंच त्याला माहीत आहे.

म्हणून मी हे नीट शोधलं. शोधताना माझीही एक चूक दुरुस्त झाली. इतकी वर्षं मला वाटायचं की दोष सगळा रंगाचा. पण फुग्याचाही इतिहास आहे. 1824 साली लंडनला मायकेल फॅरडे यांनी हायड्रोजनच्या प्रयोगासाठी रबराचे दोन तुकडे चिकटवून पहिला रबरी फुगा केला. आज आपण जो फुगा फुगवतो, रबराच्या चिकात साचा बुडवून काढलेला, तो 1931 साली अमेरिकेत टिलॉटसन यांनी केला. या रबराचा गुणच असा की ते ताणतं आणि सहज फुटत नाही. ब्रॉटननं पाहिलेला गोळा बोटाच्या दाबानं फुटायचा, जयपूरचा गोटा शिवताच फुटतो, पण पाण्यानं भरलेला फुगा पाव-अर्धा किलोचा दगड होऊन येतो. मऊ वस्तूवर तर फुटतही नाही, नुसता आपटतो. डोळ्यावर बसला तर आत रक्त साकळतं, पडदा सुटू शकतो, मग आत गंगाजल का असेना. मुंबईत लोकलवर फुगे आणि पाण्याच्या पिशव्या फेकू नका असं पोलीस आणि रेल्वे दरवर्षी सांगतात ते उगीच नाही. धावत्या गाडीचा वेग आणि फुग्याचा वेग, दोन्ही मिळून दारातल्या माणसाला लागतात.

तर पुतण्याला मी जे कळवलं ते इथंही लिहितो, कुणाच्या पोराला उपयोग होईल.

ऑइल पेंट, चंदेरी-सोनेरी वार्निश, हे नावसुद्धा काढायचं नाही. ते काढायला रॉकेल नाहीतर टर्पेंटाइन लागतं आणि मग कातडीचं दोन्हीकडून वाटोळं. चित्रकलेचा ॲक्रिलिक रंग पाण्यात कालवता येतो खरा, पण वाळला की त्याचा प्लास्टिकसारखा पापुद्रा होतो, कपड्यातून निघत नाही. बाटलीवर बिनविषारी लिहिलेलं असतं, ते कागदावर वापरायच्या हिशोबानं, डोळ्यात मारायच्या नव्हे. मोरचूद घातलेला हिरवा-निळा रंग कुणी घरी करत असेल तर आपण शेतकऱ्यांना काय सांगायचं? बोर्डो फवारताना आपण डोळे सांभाळतोच ना. खाण्याचे रंग घ्यायचे तर डबीवर खाद्यरंग म्हणून परवान्याचा नंबर बघून घ्या. सुटा जिलेबीचा पिवळा नको, त्यात मेटॅनिल यलो निघतो, आणि तो खायला बंदी असलेला कापडाचा रंग आहे.

आणि सगळ्यात सोपं म्हणजे करडईच्या वाळलेल्या पाकळ्या. दाणा भरल्यावर पाकळी सुकून लाल होते तेव्हा खुडली तर तेलात घट येत नाही. आमच्या काटेरी वाणात हात फाटतात, पण फलटणच्या निंबकर संस्थेनं नारी-6 हा बिनकाट्याचा वाण काढलाय, तो मी दोन वर्षं चार गुंठ्यांत लावतोय. मूठभर पाकळ्या जुन्या धोतराच्या फडक्यात बांधायच्या, कोमट पाण्यात तासभर ठेवायच्या, पिळायच्या. चुना नाही, खार नाही, काही नाही. दाट पिवळं पाणी येतं. पुन्हा एकदा तलम कापडातून गाळून घ्या, म्हणजे काडीकचरा डोळ्यात जाणार नाही. रंगारी जो पिवळा नदीत सोडून द्यायचे, कपड्यावर टिकत नाही म्हणून, तोच हा. आपल्याला टिकायला नकोच आहे.

फुगा निम्म्याहून कमी भरायचा, लिंबाएवढा, आणि गुडघ्याच्या खाली मारायचा. नाहीतर सरळ पिचकारी घ्या. मी तरी पिचकारीच्याच बाजूनं आहे. आणि काही गेलंच डोळ्यात, तर चोळायचं नाही, तूप नाही, दूध नाही, गुलाबपाणी नाही. स्वच्छ पाण्याची धार, पापणी उघडी धरून, घड्याळ लावून पंधरा-वीस मिनिटं. मग डॉक्टर. आधी पाणी, मग गाडी.

काल दुपारी पाकळ्या भिजत घातल्या होत्या. पिळून पाणी पातेल्यात काढलं, उन्हात धरलं तर सोन्यासारखं दिसत होतं. धाकटा गोठ्यातून आला, विचारलं काय चाललंय. म्हटलं, पोरासाठी रंग करतोय, फुग्यात भरायचा म्हणत होता. तो काही बोलला नाही. पातेल्याशी वाकला, बोट बुडवून जिभेला लावलं.

"कडू हाय जरा," म्हणाला, आणि दुसरं फडकं आणायला आत गेला.